सोलोच्या पलीकडची गावं: सायकलवर एक दिवस

वासाने थांबले. दोन्ही बाजूंना भात, मधून जेमतेम एक गाडी जाईल एवढा रस्ता, आणि वाऱ्यावर मळीचा वास. माझं लहानपण वाळवा तालुक्यात, साखर कारखान्याच्या भोंग्यावर घड्याळ लावणाऱ्या घरात गेलंय. हा वास मला झोपेतही कळेल. पण आम्ही होतो जावा बेटावर आणि आसपास उसाचं एक टिपरूसुद्धा दिसत नव्हतं. पुढे गेलेल्या वाटाड्याला हाक मारली. तो मागे वळून हसला आणि म्हणाला, "बेकोनांग!"

बेकोनांग या गावाकडे येतेच, पण आधी तिथवर कसे पोचलो ते सांगते.

जावाला जाणारे आपले लोक योग्याकार्तात उतरतात, बोरोबुदूर आणि प्रंबानन बघतात आणि बालीकडे पळतात. तिथून साठेक किलोमीटरवरच्या सोलोला, म्हणजे सुराकार्ताला, फारसं कोणी जात नाही. खरं तर जाणं अगदी सोपं आहे. योग्याहून सोलो बालापान स्टेशनला लोकल जाते, तिकीट ८,००० रुपिया आणि वेळ सव्वा तासाच्या आतबाहेर. (आकडे बघून घाबरू नका. शेवटचे तीन शून्य खोडायचे आणि पाचाने गुणायचे, की आपल्या रुपयांचा अंदाज येतो. म्हणजे हे झाले चाळीस-पंचेचाळीस रुपये.) शहरात दोन राजवाडे आणि बाटिकच्या पेठा आहेत. तेही बघा, पण मी लिहितेय ते नदीपलीकडच्या सुकोहार्जो जिल्ह्यातल्या गावांबद्दल.

सायकल सहली सोलोतली छोटी गेस्टहाउसं लावून देतात. आदल्या संध्याकाळी सांगितलं की सकाळी वाटाड्या सायकली घेऊन दारात हजर. आमचा वाटाड्या पन्नाशीचा, सडपातळ, डोक्यावर टोपी. त्याला सगळे "पाक" म्हणत, म्हणजे आपल्याकडे बापू किंवा काका म्हणतात तसं. बाईमाणसाला "बू". हे दोन शब्द आणि "मातुर नुवुन", म्हणजे जावानीजमध्ये आभार, एवढं पाठ करून जा. कोणाच्या अंगणात शिरताना "कुलो नुवुन" म्हणायचं, आतून "मोंग्गो" आलं की पाऊल टाकायचं. पाक हे दर दारात न चुकता म्हणत होता. तिसऱ्या घरापासून मीही म्हणायला लागले आणि लोकांचे चेहरेच बदलले.

बंगावान सोलो ही जावातली सगळ्यात लांब नदी. पूल आहेत, पण पाकने आम्हाला तरीने नेलं. काठ उतरलो तर लाकडी नाव, दोन्ही तीरांना बांधलेली पोलादी तार, आणि ती तार हातांनी ओढत नाव पलीकडे नेणारा माणूस. नावेत आमच्या तीन सायकली, दोन मोटारसायकली, शाळेच्या गणवेशातली एक मुलगी आणि कोबीची पोती. चहासारखं गढूळ पाणी. पलीकडे चढ चढून वर आलो आणि शहर संपलं. पूर्वेला लावू ज्वालामुखी स्वच्छ दिसत होता. नऊनंतर तो ढगात गेला तो गेलाच, म्हणून सातला निघा, साडेआठला नको.

शेतात एका ठिकाणी आवणी, शेजारी पिवळं पीक, त्याच्या शेजारी कापणी. हे आपल्याला चमत्कारिक वाटतं, कारण आपला भात पावसाच्या तालावर चालतो. इथे वोनोगिरीच्या गाजाह मुंगकुर धरणाचं पाणी कालव्यांनी येतं, त्यामुळे ज्याची त्याची पाळी वेगळी. बांधावर बसून एक आजोबा दोरी ओढत होते आणि शेतात टांगलेले डबे खडखडत होते. पाखरं हाकायची सोय. त्यांनी विचारलं, कुठले? "इंडिया" म्हटल्यावर पहिला शब्द आला "शाहरुख खान!" आणि दुसरा "आर्जुना". आजोबा मुसलमान. त्यांच्या नातवाचं नाव बिमा, म्हणजे आपला भीम. इथे छायाबाहुल्यांच्या खेळातून महाभारत असं घरोघर मुरलंय की त्यात कोणाला काही विशेष वाटत नाही. पोरं मात्र सगळ्यांनाच "हॅलो मिस्टर" म्हणतात. दिवसभर मी मिस्टर होते.

आता विरुन गाव. या दिवसातलं एकच काहीतरी बघायला मिळणार असेल तर हे बघा. इथे गामेलान वाद्यवृंदाची काशाची वाद्यं घडवतात. कौलारू पडवी, आत मुद्दाम ठेवलेला अंधार. का, ते पाकने सांगितलं: धातू किती तापला हे त्याच्या रंगावरून ओळखायचं असतं, उजेडात तो रंग फसवतो. तांबं दहा भाग, कथील तीन. आपल्या काशाच्या वाटीचं प्रमाण याच्या अगदी जवळचं आहे. ते वितळवून आधी जाडजूड भाकरीसारखी थापी ओततात आणि मग ती ठोकून ठोकून गाँग, म्हणजे वाजवायची मोठी थाळी, बनतो.

भट्टीतून थापी निघाली तेव्हा ती पिकलेल्या संत्र्याच्या रंगाची होती. एकजण लांब दांड्याने ती ऐरणीवर फिरवतोय आणि तिघे घण घेऊन उभे. एकाचा घाव, दुसऱ्याचा, तिसऱ्याचा, मध्ये श्वासाएवढीही फट नाही. कोणी मोजत नाही, कोणी बोलत नाही. रंग विटकरी झाला की घण थांबले, थापी परत निखाऱ्यांत. सगळं मिळून अर्धं मिनिट झालं असेल. थंड धातूवर एक घाव जास्त पडला तर तडा जातो आणि तडा गेला की सगळं पुन्हा मुशीत. मी पुण्यात तांबट आळीतून कितीदा गेले आहे, पण तिथला ठोका एकट्या माणसाचा. हा तिघांचा, आणि एकाच माणसाने मारल्यासारखा. उठाव न झालेली ती चकती चौदा वेळा आत-बाहेर झाली, तोवर मी मोजलं. मग पाक म्हणाला, चला.

आम्ही नाही म्हटलं. इथेच या सहलीचं दुखणं आहे. कार्यक्रमात सात थांबे होते आणि प्रत्येक ठिकाणी पंधरा-वीस मिनिटं. टोफू, तेंपे (आंबवलेल्या सोयाबीनच्या वड्या), बाटिक, क्रुपुक (तळायचे पापड), विटा, सगळ्याला हात लावायचा आणि फोटो काढून निघायचं. तुम्ही जाल तेव्हा आदल्या दिवशीच सांगा की चारच थांबे हवेत आणि विरुनला किमान तासभर. आम्ही तिथेच घासाघीस करून दोन थांबे गाळले. पाक उलट खूशच झाला, त्यालाही बसायला मिळालं. मागच्या बाजूला एक म्हातारा सूर लावत होता. कानस घेऊन वाद्याच्या काशाच्या पट्टीची कड थोडी घासायची, वाजवायची, पुन्हा घासायची. प्रत्येक वाद्यसंच फक्त आपापसात जुळवलेला असतो, या संचातली पट्टी त्या संचात चालत नाही.

घराबाहेर एक बाई सायकलवर बाटल्यांची टोपली घेऊन आली. जामू, म्हणजे घरगुती काढे. मी हळद-चिंचेचा घेतला, वर गुळाची गोडी. डोळे मिटून प्यायले असते तर कोणी आजीने केलंय असंच म्हणाले असते. याच जामूला २०२३ मध्ये युनेस्कोच्या वारसा यादीत जागा मिळाली. ती बाई तेवढ्यात दोन घरं पुढे गेली होती.

तर बेकोनांग. घरामागे निळ्या पिंपांची रांग, त्यात फसफसणारी मळी, पलीकडे भट्टी, नळी पाण्याच्या हौदातून फिरवलेली आणि टोकाला थेंब थेंब. सरळ सांगायचं तर हातभट्टी. डचांच्या काळात जावात साखरेचे कारखाने उभे राहिले, तेव्हापासून मळीवर चालणारा हा धंदा. पेयाला इथे "च्यू" म्हणतात. बरेच जण तीच पुन्हा गाळून दवाखान्यात लागणारं अल्कोहोल करतात. मशिदीतून दुपारची बांग झाली, घरधनीण डोक्यावरचा रुमाल सारखा करत आत गेली आणि थेंब पडतच राहिले. चाखायला देतात. मी बोट बुडवलं, नवऱ्याने घोट घेतला आणि त्याच्या डोळ्यांत पाणी आलं. बाटली विकत घेऊ नका, आणि रस्त्यावर मिळणारी मिसळलेली दारू तर अजिबात नको. मिथेनॉलने माणसं गेल्याच्या बातम्या इंडोनेशियातही येतात.

शेवटचा थांबा काराकचा. शिजवलेला भात कुटून त्याचे पातळ काप, बांबूच्या तट्ट्यांवर वाळत घातलेले. आपल्याकडे चैत्रात गच्चीवर दिसतं तेच दृश्य. यात पूर्वी "ब्लेंग" नावाचं खारट द्रावण घालायचे. त्यात टाकणखार असतो आणि खाण्यात त्याला बंदी आहे. या बू म्हणाल्या, आम्ही घालत नाही. पापडखारावरून आमच्या घरात झालेली भांडणं मला आठवली.

बाकी थोडं कामाचं. मे ते सप्टेंबर कोरडा काळ, नोव्हेंबर ते मार्च रोज दुपारी पाऊस धरूनच चाला. रस्ता सपाट, दिवसभरात तीसेक किलोमीटर, सवय नसली तरी जमतं. सायकल मात्र निघण्याआधी नीट बघा. ज्यांच्याकडून आम्ही घेतल्या त्यांच्या सायकलींची निगा यथातथाच होती: माझी सीट दोन बोटं खाली, नवऱ्याची चेन दोनदा उतरली आणि पुढचा ब्रेक नावालाच. सीट वर करायला पाना दोन मिनिटांत मिळाला असता, मी दुपारपर्यंत गप्प बसले आणि गुडघ्यांनी तीन दिवस सूड घेतला.

शाकाहारी असाल तर तेंपे-टोफूवर मजेत निभतं. पण "तानपा तेरासी" म्हणायला विसरू नका, कारण तेरासी म्हणजे आंबवलेल्या कोळंबीची चटणी, ती भाजीवरच्या शेंगदाण्याच्या रसातही असते. रमजानमध्ये गावात दिवसा खाणं मिळणं अवघड. प्रत्येक घरात काहीतरी विकत घ्या, अंगण त्यांचं असतं.

काराक तळलेले घेऊ नका, कच्चे घ्या. आमचं पाकीट हातातल्या पिशवीत असूनही पुण्याला पोचेपर्यंत निम्मा चुरा झाला होता. आमटीवर बरा लागला.