ओव्हनचा दिवा अमेरिकेतून मागवू नका

अमेरिकेतून सुट्टीत इंदूरला येणाऱ्या मुलांना ओव्हनचा बल्ब आणायला सांगू नका. इथले म्हणजे अमेरिकेतले बल्ब १२० व्होल्टचे, आपल्या घरी २३०. इंदूरच्या घरी लावला तर जवळजवळ चौपट वीज खेचेल आणि लगेच उडेल. शिवाय अमेरिकेतल्या ओव्हनमध्ये बहुधा मोठ्या आट्यांचा ई२६ होल्डर असतो. आपल्याकडच्या मॉड्युलर किचनमधल्या ओव्हनला बारीक आट्यांचा ई१४ किंवा दोन तारांचा जी९ बल्ब लागतो.

त्यापेक्षा जुना बल्ब काढून कागदात गुंडाळा आणि इंदूरच्या महाराणी रोडवर, विजेच्या सामानाच्या बाजारात, दाखवून तसाच मागा. नव्यावर २३० व्होल्ट आणि ३०० अंश सेल्सिअस, दोन्ही छापलेले हवेत. वॅट जुन्याइतकेच, बहुतेकदा १५ किंवा २५. लांबी जास्त असेल तर दिव्यावरची काच बसत नाही. खरा घोटाळा होतो तो फ्रिजच्या बल्बमुळे. आटे तेच, आकार तोच, किंमतही कमी. पण बाफले (कणकेचे उकडून भाजलेले गोळे) भाजताना आत २०० अंश असतात. त्या उष्णतेत त्याची काच आट्यांच्या धातूच्या टोपीपासून सुटून खाली पडू शकते, म्हणजे थेट बाफल्यांवर. एलईडी तर नकोच, त्यातला सर्किटचा भाग ही उष्णता सोसत नाही.

बदलताना नुसतं बटण बंद करून भागत नाही. ओटीजी (ओट्यावरचा ओव्हन-टोस्टर-ग्रिल) असेल तर प्लग उपसा, भिंतीतल्या ओव्हनचा एमसीबी (मीटरच्या बोर्डावरचा खटका) पाडा. ओव्हन पूर्ण गार होऊ द्या. जाळ्या काढून खाली जाड टॉवेल अंथरा. दिव्यावरची काच बहुधा घड्याळाच्या काट्यांच्या उलट्या दिशेने फिरवून निघते. तेलकटपणाने चिकटली असेल तर साबणाच्या कोमट पाण्यात पिळलेलं फडकं दहा मिनिटं लावून ठेवा आणि रबरी हातमोजा घालून फिरवा. स्क्रू ड्रायव्हरने उचकटू नका, काच तडकते. बल्ब फुटून टोपी होल्डरमध्येच राहिली तर वीज बंद आहे याची पुन्हा खात्री करा, मगच नोकदार पक्कडीने कड धरून फिरवा.

जी९ हॅलोजन असतो, तो सरळ ओढून निघतो. नवा बसवताना उघड्या बोटांनी धरू नका. बोटांचं तेल लागलं की काच तिथे जास्त तापते आणि बल्ब लवकर जातो. चुकून हात लागलाच तर स्पिरिटने पुसून वाळू द्या.

आट्यांचा बल्ब हलक्या हाताने टेकेपर्यंतच फिरवा. वरची काच धुऊन, कोरडी करून परत लावा. तिला तडा असेल तर नवी येईपर्यंत ओव्हन लावू नका, कारण वाफ आणि तुपाचे शिंतोडे सरळ तापलेल्या बल्बवर उडतात.