आजींचा चेहरा का दिसत नाही?

तुम्ही विचारलंत म्हणून सांगतो. नंदुरबार जिल्ह्यातल्या धडगावकडच्या मोहफुलांच्या दारूवरची माझी छोटी डॉक्युमेंट्री धुळ्यात दाखवा की शहाद्यात, हाच प्रश्न येतो: दारू गाळणाऱ्या आजी फिल्मभर आहेत, मग त्यांचा चेहरा एकदाही का नाही?

कारण कायदा. घरी दारू गाळण्यावर १८७८च्या मुंबई अबकारी कायद्याने टाच आणली. १९४९च्या दारूबंदी कायद्यात तर मोहफुलांचाही वेगळा उल्लेख आहे. महाशिवरात्रीला देवमोगऱ्याला आदिवासींची देवी याहामोगी हिच्यापुढे ज्या दारूची धार सोडतात, तीच घरात सापडली तर केस होते. आजींची परवानगी होती. "काढ की, मी काय चोरी करते?" असं त्यांनी मला सुनावलंही. पण फिल्म एकदा मोबाइलवर गेली की कुठवर फिरते, हे मला माहीत होतं, त्यांना नव्हतं. तिथे निर्णय मीच घ्यायला हवा होता.

मग कॅमेरा हातांवर राहिला. मोह रात्री गळतो, म्हणून उजाडायच्या आत झाडाखाली पोचावं लागतं. पाचोळा आधीच जाळून जागा साफ केलेली असते. फिकट पिवळी, मांसल, आतून पोकळ फुलं आजी दोन बोटांनी उचलत, आणि टोपलीत हळूच सोडत, चुरडली तर वाळताना बिघडतात म्हणून. उन्हात ती मनुकांसारखी तांबूस होतात. पुढे मडक्यात पाणी घालून काही दिवस भिजत ठेवायची. तयार झालं की नाही ते आजी कानाने ओळखत. मडक्याला कान लावायचा. आत बुडबुड चालू असेल तर थांबायचं, आवाज बसला की दारू गाळायला चूल पेटवायची. आम्ही माइक मडक्याशी नेला तेव्हा त्यांनी सगळ्यांना गप्प बसवलं. फिल्ममधली माझी सगळ्यात आवडती जागा तीच.

स्पेनमधल्या अस्तुरियास प्रांतात सफरचंदं आंबवून सिद्रा नावाची दारू करतात. बाटली डोक्यावर धरायची, पेला खाली कमरेशी, आणि उंचावरून घोटभरच ओतायची. २०२४ साली युनेस्कोने त्या संस्कृतीला वारसा म्हणून मान दिला. तिथली माणसं कॅमेऱ्याकडे बघून हसत ओततात. मला त्यांचा हेवा वाटतो. फळ असो की फूल, आंबवून देवाला आणि पाहुण्याला देण्याचं ज्ञान सातपुड्यातही तितकंच मुरलेलं आहे.

फिल्म आजींना त्यांच्याच ओट्यावर लॅपटॉपवर दाखवली. हात त्यांनी लगेच ओळखले. चेहऱ्याबद्दल अक्षर काढलं नाही. मडक्याचा प्रसंग आला तेव्हा मात्र मान हलवली: "इतक्या लवकर होतं का ते?"

मी तो प्रसंग चाळीस सेकंदांत उरकला होता. आता पुन्हा एडिटला बसलोय.