चांदीच्या यादीतला माणूस

जगात इतरत्र पायलट, म्हणजे त्या पाण्याचा जाणकार वाटाड्या, सल्ला देतो आणि जहाजाचा ताबा कॅप्टनकडेच राहतो. पनामा कालव्यात मात्र जहाज चालवण्याचा अधिकार पायलटचा असतो. पुढच्या डेकवर, म्हणजे चीफ ऑफिसर या नात्याने माझ्या हद्दीत, कालव्याचेच लाइन हँडलर, म्हणजे दोर हाताळणारे कामगार, काम करतात. लॉक म्हणजे पाणी भरून किंवा सोडून जहाज वर-खाली करणारा बंद कप्पा. त्याच्या तोंडाशी आजही दोन माणसं वल्ह्याच्या होडीतून हलका दोर आणून देतात. त्या दोराला बांधून भिंतीवरच्या विजेच्या इंजिनांच्या पोलादी तारा जहाजावर ओढून घ्यायच्या. या इंजिनांना तिथे म्यूल म्हणतात. लॉकची रुंदी ३३.५ मीटर आणि आमचं बल्क कॅरियर, म्हणजे सुटा माल वाहणारं जहाज, ३२ मीटरच्या वर, म्हणजे दोन्ही बाजूंना दीड हातसुद्धा जागा नाही. लॉक रिकामं असताना जहाज खाली आणि म्यूल वर, त्यामुळे तार वरच्या दिशेने ओढ घेते. म्हणून तार जिथून आत येते ते कडं वरूनही बंद असावं लागतं, नाहीतर तार उसळून निघते आणि समोरच्या माणसाला कापून जाते. हे काम ते हँडलर ज्या सफाईने करतात तशी सफाई मी फार थोड्या बंदरांत पाहिली आहे.

त्या दिवशी आम्ही अटलांटिककडून पॅसिफिककडे चाललो होतो. गातूनच्या लॉकच्या तीन पायऱ्या चढून तलाव ओलांडला आणि गाम्बोआला हँडलरांची नवी तुकडी चढली. त्यांचा म्होरक्या साठीच्या आसपासचा. बार्बाडोसच्या वळणाचं इंग्रजी बोलायचा. पाऊस लागला होता. कुलेब्राची घळ सुरू होताना माझ्या कॅडेटने त्याला विचारलं, "हा डोंगर अमेरिकनांनी फोडला ना?" त्यात पोराचा दोष नाही. आमच्या प्रशिक्षण संस्था कालव्याची लांबी, रुंदी, पाण्याची खोली पाठ करून घेतात, माणसांबद्दल चकार शब्द शिकवत नाहीत.

म्होरक्या म्हणाला, "माझ्या पणजोबांनी फोडला."

पणजोबा बार्बाडोसहून आले होते. अमेरिकनांनी १९०४ साली काम हाती घेतल्यावर त्या एका बेटावरून वीस हजारांच्या आसपास माणसं करारावर आणली गेली. मजुरी तासाला दहा सेंट, दिवस दहा तासांचा. पगाराच्या याद्या दोन. गोऱ्या अमेरिकनांची सोन्याची यादी, त्यांना पगारी रजा आणि सजवलेली घरं. कॅरिबियन मजुरांची चांदीची यादी, त्यांना बराकी. पोस्टात आणि दुकानातही दोघांच्या खिडक्या वेगळ्या. कालव्याचे आरोग्यप्रमुख डॉ. गोर्गस यांनी डास मारून पिवळा ताप हटवला, आणि ते काम थोरच होतं. पण काळ्या मजुरांना त्या काळात न्यूमोनियाने गाठलं. दिवसभर पावसात भिजायचं आणि बदलायला दुसरे कपडे नाहीत.

पणजोबा सुरुंगाची भोकं पाडायचे. घळीच्या तोंडाशी बास ओबिस्पोला १२ डिसेंबर १९०८ रोजी बावीस टन डायनामाइट वेळेआधीच उडालं आणि तेवीस माणसं मेली. पणजोबा त्या दिवशी दुसऱ्या टोळीत होते. मजुरांना नंबर कोरलेला पितळी बिल्ला मिळे आणि त्याच नंबरावर पगार होई. पणजोबांचा नंबर म्होरक्याला तोंडपाठ होता. त्यांची कबर कुठे आहे ते मात्र घरात कोणालाच माहीत नाही.

अमेरिकन काळातले नोंदलेले मृत्यू ५,६०९. त्यांतले बहुतेक चांदीच्या यादीतले, आणि खरा आकडा मोठा असावा असं अनेक अभ्यासक मानतात. त्याआधीच्या फ्रेंच प्रयत्नात तर वीस हजारांवर माणसं गेली असा अंदाज आहे. कुलेब्राच्या घळीला मात्र पुढे कितीतरी वर्षं गेलार्ड या लष्करी इंजिनिअरचं नाव होतं.

शेवटचं, मिराफ्लोरेसचं लॉक उतरल्यावर हँडलर निघून गेले. रात्री मी लॉगबुक पाहिलं. पायलटचं नाव होतं. हँडलरांची फक्त संख्या होती. आमच्या क्षेत्रात कुणालाच हे खटकत नाही. मलाही आधी कधी खटकलं नव्हतं.

पण खरा सल वेगळाच आहे. महिनाअखेर खलाशांच्या ओव्हरटाइमच्या तक्त्यांवर मी सही करतो. आमच्या जहाजावर तीन देशांचे खलाशी आहेत. एकच वॉच म्हणजे पाळी, एकच दोर, पाण्याचा फटकाही सगळ्यांना सारखाच, तरी तासाचा दर पासपोर्ट पाहून ठरतो. हे बेकायदेशीर नाही. युनियनचे करार तसेच आहेत. माझाही पगार याच पद्धतीने ठरतो, आणि माझ्याच हुद्द्यावर युरोपियन असता तर त्याला जास्त मिळाला असता. इतकी वर्षं मी याला बाजारभाव म्हणत आलो. त्या दिवसानंतर तो शब्द माझ्या तोंडून निघत नाही.

ऑफिसला मी लेखी विचारलं की एकाच हुद्द्याच्या खलाशांना ओव्हरटाइमचा तरी एकच दर का नको? उत्तरात कराराचं कलम आलं. पुढचा करार ठरेल तेव्हा युनियनच्या बैठकीत हा मुद्दा मांडायचा आहे. आमचा बोसन, म्हणजे डेकवरच्या खलाशांचा मुकादम, गुहागरचा. तो म्हणतो, "सर, तुम्हीच बोला. आम्ही बोललो तर पुढचं जहाज मिळणार नाही."