निकाल लागला, आता पाळणार कोण?

‘मॅडम, निकाल आपल्यासारखा लागला. पण पाळणार कोण?’ इतक्या वर्षांच्या वकिलीत हा प्रश्न मला जितक्या वेळा विचारला गेला तितका दुसरा कुठलाच नाही. मागच्या महिन्यात एका आजींनी विचारला. शेताच्या वाटेचा दावा नऊ वर्षं चालला होता. हुकूमनामा, म्हणजे न्यायालयाचा लेखी आदेश, झाला आणि आठवड्याच्या आत समोरच्यानं वाटेवर बाभळीच्या काटेरी फांद्या टाकल्या. आजींना घाईत जे सांगितलं ते अपुरं होतं. तुम्हीही विचारलंत, म्हणून आज सविस्तर सांगते.

या प्रश्नाला मला नेहमी फ्रँक जॉन्सन आठवतात. अमेरिकेतल्या अलाबामा राज्यातले संघीय, म्हणजे केंद्राच्या न्यायालयाचे न्यायाधीश. जन्म १९१८ चा, विन्स्टन परगण्यातला. दक्षिणेतली राज्यं देशातून फुटून निघाली तेव्हा या डोंगराळ मुलखानं फुटायला विरोध केला होता. जॉन्सन नॉर्मंडीत लढले, जखमी झाले, परत येऊन वकिली केली. १९५५ साली, ३७ व्या वर्षी, राष्ट्राध्यक्ष आयझेनहॉवर यांनी त्यांना अलाबामाची राजधानी माँटगोमेरी इथल्या न्यायालयात नेमलं. तिथे संघीय न्यायाधीशाची नेमणूक तहहयात असते आणि त्याचा पगार कमी करता येत नाही. राज्याच्या गव्हर्नरला तो कितीही खुपला तरी त्याची बदली करता येत नाही. पुढे जे घडलं त्यात या तरतुदीचा वाटा मोठा आहे.

नेमणुकीला वर्ष व्हायच्या आत माँटगोमेरीच्या बसचा खटला आला. काळ्या प्रवाशांना वेगळं बसवणं घटनाबाह्य आहे, असा निकाल तिघांच्या खंडपीठानं जून १९५६ मध्ये दोन विरुद्ध एक मतानं दिला. त्या दोघांतले एक जॉन्सन. त्यांच्या अंगणात क्रॉस जाळला गेला, ही वर्णद्वेष्ट्यांची धमकी द्यायची रीत. १९६७ मध्ये त्यांच्या आईच्या घरावर बॉम्ब टाकला गेला, आई बचावल्या.

पण धैर्याइतकीच मला त्यांची तयारी महत्त्वाची वाटते. आदेश मोडणारा कुठून मोडेल याचा विचार ते आदेश लिहायच्या आधीच करत. जॉर्ज वॉलेस हा कायद्याच्या कॉलेजातला त्यांचा सोबती, पुढे वर्णभेदाचा मोठा पुढारी आणि गव्हर्नर. १९५९ मध्ये तो राज्याचा न्यायाधीश असताना मतदार नोंदणीची दप्तरं केंद्राच्या नागरी हक्क आयोगाला द्यायला जाहीर नकार देत होता. जॉन्सन यांनी आदेश दिला, तेव्हा वॉलेसनं ती दप्तरं ग्रँड ज्युरीकडे (आरोप ठेवायचा की नाही हे ठरवणाऱ्या नागरिकांच्या मंडळाकडे) सोपवून आडमार्गानं आयोगापर्यंत जाऊ दिली. त्याला हुतात्मा म्हणून मिरवायचं होतं. जॉन्सन यांनी नोंद केली की दप्तरं मिळाली आहेत, आणि त्याला अवमानाच्या आरोपातून मोकळं केलं. वॉलेस पुढे अनेक वर्षं त्यांना शिव्या घालत राहिला, पण दप्तरं आली होती.

१९६५ च्या मार्चमध्ये काळ्यांच्या मतदानाच्या हक्कासाठी अलाबामातल्या सेल्माहून माँटगोमेरीला निघालेल्या मोर्चेकऱ्यांना पोलिसांनी सेल्माच्या पुलावर झोडपलं. जॉन्सन यांनी पुढचा मोर्चा आधी थांबवला, म्हणून चळवळीतले लोक नाराज झाले. मग त्यांनी सुनावणी घेतली, मारहाणीचं चित्रीकरण न्यायालयात पाहिलं, रस्ता कुठला, माणसं किती, मुक्काम कुठे, याचा आराखडा मागितला. तेव्हाचे राष्ट्राध्यक्ष आदेशाच्या पाठीशी उभे राहतील याची खात्री करून घेतली आणि १७ मार्चला परवानगी दिली. मोर्चा कोणत्याही दिवशी काढू द्या, असा मोघम आदेश त्यांनी दिला नाही. दोन पदरी रस्त्यावर तीनशेपेक्षा जास्त माणसं चालणार नाहीत, इथपर्यंत तो आदेश नेमका होता. मोर्चा माँटगोमेरीला पोचला.

माझ्या मते त्यांचं सगळ्यात मोठं काम मात्र टस्कलूसाच्या ब्राइस मनोरुग्णालयाचं. तिथे पाच हजारांवर माणसं कोंडलेली होती आणि उपचार जवळपास नव्हते. १९७१ मध्ये जॉन्सन यांनी ठरवलं की उपचारासाठी म्हणून माणसाला डांबून ठेवत असाल, तर उपचार मिळणं हा त्याचा हक्क आहे. राज्याला सहा महिने दिले. राज्यानं काही केलं नाही. मग १९७२ मध्ये त्यांनी स्वतःच मानकं घालून दिली. आठ रुग्णांमागे एक संडास. पंधरा जणांमागे एक न्हाणी. एका खोलीत सहापेक्षा जास्त खाटा नकोत. स्वतःचे कपडे घालायचा हक्क. रुग्णाकडून फुकट राबवून घ्यायचं नाही. पाहणीसाठी समित्या नेमल्या.

न्यायाधीशानं संडास मोजायचे का, अशी टीका तेव्हा झाली, आजही होते. मला ती पटत नाही. ‘माणुसकीनं वागवा’ एवढंच लिहिलं असतं तर त्याचं पालन झालं की नाही हे कुणालाच सांगता आलं नसतं. आकडा लिहिला, की कुणीही आत जाऊन मोजू शकतो. न्यायालयाचे हुकूम बजावणाऱ्या बेलीफलासुद्धा मोजता येतं.

तो खटला २००३ मध्ये संपला. दाखल झाल्यापासून तेहेतीस वर्षं. जॉन्सन १९७९ मध्येच वरच्या न्यायालयात गेले होते आणि १९९९ मध्ये वारले. शेवट दुसऱ्या न्यायाधीशांनी केला.

आजींचा हुकूमनामा मी पुन्हा वाचला. त्यात ‘वहिवाटीस अडथळा करू नये’ एवढंच आहे, रुंदी नाही. चूक माझी. दाव्यात मीच रुंदी मागायला हवी होती. बैलगाडी जाईल इतकी, दहा फूट. आता दरखास्तीत, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीच्या अर्जात, मोजणीचा नकाशा जोडायचा आहे. नकाशानं भागलं नाही तर हुकूमनाम्याच्या स्पष्टीकरणासाठी वेगळा अर्ज करावा लागेल. आजींना सोमवारी यायला सांगितलंय, सातबारा आणि निकालाची नक्कल घेऊन.