समोरच्याच्या भात्यात काय आहे

डोटा २ या पाच-विरुद्ध-पाच खेळाडूंच्या ऑनलाइन खेळात हरलेल्या बहुतेक लढाया मी विसरून गेले आहे. एक मात्र अजून जशीच्या तशी आठवते, कारण ती टाळण्यासाठी लागणारी सगळी माहिती लढाईच्या थोडेच आधी माझ्या पडद्यावर येऊन गेली होती आणि मी ती वाचली नव्हती. सामना पन्नास मिनिटांच्या पुढे गेला होता. मी नेहमीप्रमाणे सपोर्ट, म्हणजे सोबत्यांना मदत करणारी भूमिका, खेळत होते, माझ्याकडे लायन हा हिरो होता आणि समोरच्या संघाचा कॅरी, म्हणजे सामना लांबला की सर्वांत ताकदवान होणारा हिरो, होता मॉर्फलिंग. आमचा बेत साधा होता: मॉर्फलिंग नदीजवळ दिसताच मी ब्लिंक डॅगर या क्षणात दुसरीकडे नेणाऱ्या वस्तूने त्याच्याशेजारी उतरायचे, हेक्स टाकून त्याला निरुपद्रवी प्राणी करून टाकायचे आणि तो वेव्हफॉर्म ही लाटेसारखी झेप मारून निसटण्याच्या आत बाकीच्या चौघांनी त्याला संपवायचे. मी उतरले, हेक्स टाकला आणि तो वाया गेला. मॉर्फलिंगकडे लिंकन्स स्फिअर होता. एखाद्यावर नेम धरून टाकलेली क्षमता हा गोल एकदा अडवतो आणि मग काही काळ थंड पडतो. माझा हेक्स त्याने अडवला, मॉर्फलिंग निसटला, आम्ही पाचही जण शत्रूच्या मधोमध उभे राहिलो आणि त्यानंतर दोनच मिनिटांत सामना संपला.

‘त्याच्याकडे लिंकन्स होता, पाहिलं नाहीस का?’ असे आमच्या मिडच्या, म्हणजे मधल्या वाटेवर खेळणाऱ्या, मित्राने विचारले. त्याच्या आवाजात राग नव्हता. तरीही तो प्रश्न मला लागला, कारण खरे उत्तर असे होते की, मी पाहिले होते आणि तरीही पाहिले नव्हते. त्या रात्री रीप्ले काढून मी माझ्याच नजरेने तो सामना पुन्हा बघितला. लढाईच्या थोडे आधी मॉर्फलिंग वरच्या लेनमध्ये, म्हणजे वाटेवर, आमच्या वॉर्डच्या (टेहळणीसाठी रोवलेल्या खुणेच्या) टप्प्यात चार सेकंद दिसला होता आणि त्या चार सेकंदांत मी त्याच्यावर क्लिकही केले होते. त्याचे वस्तूंचे सहा कप्पे माझ्यासमोर उघडले होते आणि तिसऱ्या कप्प्यात लिंकन्स होता. माझी नजर मात्र त्याच्या आरोग्याच्या पट्टीवर जाऊन परत आली, कारण मी क्लिक केले होते ते सवयीने, मनात कोणताही प्रश्न न ठेवता.

त्यानंतर मी या एका गोष्टीवर मन लावून काम केले. शत्रूचा लोडआउट, म्हणजे त्याने कोणत्या क्षमता शिकल्या आहेत, त्यांना किती गुण दिले आहेत, कोणते टॅलेंट निवडले आहे आणि कोणत्या वस्तू बरोबर घेतल्या आहेत, हे पाहणे सोपे आहे. शत्रूवर क्लिक करा, असे प्रत्येक नवख्या खेळाडूला सांगितले जाते. पण पाच शत्रू, प्रत्येकाच्या किमान चार क्षमता, सहा मुख्य कप्पे, त्याशिवाय न्यूट्रल वस्तूचा वेगळा कप्पा, आणि दहाव्या, पंधराव्या, विसाव्या व पंचविसाव्या पातळीवर निवडलेले टॅलेंट, हे सगळे सामना चालू असताना कोणाच्याही डोक्यात मावत नाही. म्हणून मी सगळे पाहण्याचा नाद सोडला आणि स्वतःला एकच प्रश्न विचारायला लागले: मी पुढच्या मिनिटात जे करणार आहे, ते हाणून पाडेल असे यांच्यापैकी कोणाकडे काय आहे? माझा बेत हेक्सवर उभा असेल, तर मला फक्त लिंकन्स, ब्लॅक किंग बार (काही काळ जादूपासून वाचवणारी वस्तू) आणि हेक्सच्या आधीच मला गप्प करू शकेल अशी एखादी क्षमता शोधायची आहे. बेत रोशन या नकाशावरच्या बलाढ्य राक्षसाला मारण्याचा असेल, तर दुरून धावून येण्याची किंवा त्याच्याकडून मिळणारी एजिस ही पुन्हा जिवंत करणारी ढाल पळवण्याची ताकद कोणात आहे, तेवढेच मला हवे असते. असा प्रश्न घेऊन पाहिले की, अर्ध्या सेकंदाच्या नजरेतही उत्तर सापडते.

या पाहण्यात पूर्ण तयार झालेल्या वस्तूंपेक्षा अर्धवट वस्तू मला अधिक मोलाच्या वाटतात. पूर्ण झालेला ब्लॅक किंग बार सगळ्यांनाच दिसतो, कारण पहिल्या लढाईतच त्याचा सोनेरी उजेड पडतो आणि मग संघातले सगळे त्याच्याबद्दल बोलू लागतात. पण शत्रूच्या कप्प्यात पर्सिव्हरन्स आणि अल्टिमेट ऑर्ब हे त्याचे सुटे भाग शेजारीशेजारी दिसले, तर लिंकन्स स्फिअर जवळ आला आहे, हे तो तयार होण्याच्या दोन-तीन मिनिटे आधीच कळू शकते आणि त्याच्यावर नेम धरून केलेला शेवटचा निर्धास्त हल्ला उरकून घेता येतो. क्षमतांचेही तसेच आहे. सामन्याच्या पहिल्याच मिनिटाला समोरच्या लेनमधल्या हिरोने पहिला गुण कोणत्या क्षमतेला दिला, हे त्याच्या क्षमतांखालच्या छोट्या खुणांवरून वाचता येते. पज या हिरोने पहिला गुण दुरून ओढून घेणाऱ्या हुकला न देता फक्त जवळच्यांना इजा करणाऱ्या रॉटला दिला असेल, तर मी झाडांच्या कडेने बिनधास्त पुढे सरकू शकते, आणि हा मोकळेपणा त्याची दुसरी पातळी येईपर्यंतच टिकतो, हेही मला ठाऊक असते.

कप्पे पाहून समाधान मानणाऱ्याची एका ठिकाणी हमखास फसगत होते. अघानिम्स शार्ड कोणताच कप्पा व्यापत नाही; विकत घेताच तो हिरोमध्ये विरून जातो. अघानिम्स सेप्टरचे वरदान घेतले, तर तेही कप्प्यात न राहता हिरोलाच चिकटते. म्हणजे हिरोच्या क्षमतेचे रूप बदलून टाकणारी नेमकी हीच दोन साधने वस्तूंच्या रांगेत दिसत नाहीत. त्यांची खूण क्षमतांच्या शेजारी एका लहानशा चिन्हात असते आणि ते चिन्ह उजळले आहे की विझलेले, तेवढेच पाहायचे असते. हे चिन्ह आहे, हे मला खेळायला लागल्यावर कितीतरी महिन्यांनी समजले आणि तोवरच्या कित्येक ‘अनपेक्षित’ पराभवांचा उलगडा एकदम झाला.

आता पाहायचे केव्हा, याविषयी. लढाई सुरू झाल्यावर शत्रूवर क्लिक करणे धोक्याचे असते आणि त्याचे कारण फार व्यावहारिक आहे: शत्रूला निवडले की पडद्याच्या तळाशी त्याचा फलक येतो, आणि त्या क्षणी तुम्ही आपल्या क्षमतेची कळ दाबली तर काहीही घडत नाही, कारण निवडलेला हिरो तुमचा नसतो. लायनची अर्थ स्पाइक, म्हणजे जमिनीतून काटे काढणारी क्षमता, माझ्याकडून एकदा अशीच हवेत गेली आहे. मी कळ दाबत राहिले आणि माझा लायन नुसता उभा होता. स्वतःच्या हिरोवर परत येण्यासाठी मूळ मांडणीत एफ १ ही कळ असते. शत्रूवर क्लिक आणि लगेच एफ १, ही जोडी बोटांत इतकी मुरायला हवी की, दुसरी कळ दाबल्याशिवाय पहिली क्रिया पूर्णच वाटू नये. मी तर सरावाच्या सामन्यात बॉटविरुद्ध उभी राहून ही जोडी शेकडो वेळा दाबली आहे. कंटाळवाणे काम आहे, पण त्याचा उपयोग झाला.

पाहण्याची खरी वेळ लढाईच्या आधीची: लेनकडे चालत जाताना, रूनची वाट पाहताना, टेलिपोर्ट पूर्ण होईपर्यंतच्या त्या तीन सेकंदांत. आपण मेलेलो असतानाही ही वेळ मिळते आणि तेव्हा बहुतेक जण दुकान उघडतात किंवा चॅटमध्ये दोष वाटत बसतात. मेल्यावर आपला हिरो गमावण्याची भीती नसते, त्यामुळे जिवंत सोबत्यांच्या नजरेत जो शत्रू येईल, त्याच्यावर निवांत क्लिक करता येते. मला स्वतःला मृत्यूनंतरची ती पन्नास-साठ सेकंदे सामन्यातली सर्वांत शहाणपणाची वाटतात, जर ती नीट वापरली तर.

पाहिलेले सांगितले नाही, तर पाहण्याचे मोल निम्मे राहते. डोटा २ मध्ये शत्रूच्या वस्तूवर आल्ट धरून क्लिक केले की, त्याच्याकडे ती वस्तू आहे, असा संदेश आपल्या संघाच्या चॅटमध्ये जातो. टाइप करावे लागत नाही. त्या मॉर्फलिंगच्या सामन्यात मी एवढे एक क्लिक केले असते, तर माझा बेत बदलला नसता तरी कोणीतरी मला थांबवले असते. कारण लिंकन्सवर उपाय आहेत. हेक्सच्या आधी मॅना ड्रेन टाकून गोल फोडून घेता येतो, किंवा दुसऱ्या कोणी आपली एखादी स्वस्त, नेम धरून टाकायची क्षमता आधी वाया घालवायची आणि मग हेक्स टाकायचा. हे जमण्यासाठी दोघांना एकाच वेळी ठाऊक असावे लागते की, गोल तिथे आहे.

आपल्याच संघाचे लोडआउट पाहण्याकडे तर आणखी दुर्लक्ष होते. शत्रूबद्दल आपल्याला निदान कुतूहल असते. सोबत्याबद्दल मात्र आपण गृहीत धरतो. ‘अल्टी मारली का नाहीस?’ असा प्रश्न अल्टीबद्दल, म्हणजे हिरोच्या सर्वांत मोठ्या क्षमतेबद्दल (अल्टिमेटबद्दल), लढाईनंतर विचारला जातो, तेव्हा बहुतेक वेळा ती तयारच नसते आणि ते लढाईच्या आधी पाहता आले असते. सोबत्यांच्या चित्राखाली अल्टिमेट तयार असल्याची हिरवी खूण असते, आणि सोबत्यावर क्लिक केले तर त्याच्या सगळ्या क्षमतांचे कूलडाउनही, म्हणजे त्या पुन्हा वापरता येईपर्यंतचे वेळही, दिसतात. शत्रूचे दिसत नाहीत. हा फरक मुद्दाम केलेला आहे आणि मला तो फार योग्य वाटतो, कारण त्यामुळे शत्रूच्या बाबतीत स्मरणशक्तीला काम राहते. त्याने अल्टी केव्हा वापरली, हे ज्याच्या ध्यानात आहे तोच पुढची लढाई केव्हा घ्यायची, ते ठरवू शकतो.

लीग ऑफ लेजंड्समध्ये या स्मरणाची एक स्वतंत्र शिस्तच तयार झाली आहे. २००९ मध्ये आलेल्या त्या खेळात फ्लॅश नावाचा, क्षणात थोडे दूर नेणारा समनर स्पेल जवळपास प्रत्येकाकडे असतो आणि त्याचा मूळ कूलडाउन ३०० सेकंदांचा, म्हणजे पाच मिनिटांचा आहे. शत्रूने फ्लॅश वापरला की, तो परत कधी येईल ती वेळ मुरलेले खेळाडू लगेच चॅटमध्ये लिहून ठेवतात: ‘मिड १२४०’ म्हणजे बारा मिनिटे चाळीस सेकंदांपर्यंत मिडच्या शत्रूकडे फ्लॅश नाही. तिथे टॅब दाबल्यावर स्कोअरबोर्डवर शत्रूच्या वस्तू दिसतात, पण तो शेवटचा नजरेस पडला तेव्हाच्या. मधल्या काळात तो दुकानात जाऊन आला असेल, तर फलक जुनेच सांगत राहतो. फलकावर दिसते ते सगळे आत्ताचे आहे, असे समजणे ही मी नव्या खेळाडूंमध्ये वरचेवर पाहिलेली चूक आहे.

व्हॅलोरंट या नेमबाजीच्या खेळात हेच काम प्रत्येक राउंडला नव्याने करावे लागते, कारण तिथे बहुतेक क्षमता राउंडच्या आधीच्या खरेदीच्या वेळात विकत घ्यायच्या असतात आणि ती वेळ साधारणपणे ३० सेकंदांचीच असते. धूर सोडणाऱ्या सोबत्याकडे या राउंडला धूर आहे की नाही, हे न पाहता साइटवर, म्हणजे बॉम्ब लावण्याच्या जागेवर, धावणारे मी पुष्कळ पाहिले आहेत. शत्रूचे अल्टिमेट तयार आहे का, हे मात्र टॅबवर दिसते, त्यामुळे तिथे ते न पाहण्याला काही सबब उरत नाही.

याच्या अगदी उलट टोकाला डेड बाय डेलाइट आहे. तिथे चार जणांच्या मागे लागलेल्या किलरने कोणते चार पर्क, म्हणजे खास गुण, घेतले आहेत, हे सामना संपेपर्यंत दाखवलेच जात नाही. जे घडते त्यावरून ओळखायचे: आम्ही दुरुस्त करत आणलेला जनरेटर आपोआप मागे का जात आहे, मी लपलेली असताना त्याला माझा पत्ता कसा लागला. तो खेळ मी थोडाच खेळले आहे, पण त्याने मला एक फार उपयोगी सवय लावली, आणि ती म्हणजे अनपेक्षित काही घडले की, ‘कशामुळे?’ असे तिथल्या तिथे विचारण्याची. डोटामध्ये परत आल्यावरही ती सवय टिकली. समोर रुबिक असेल, तर त्याने शेवटची कोणाची क्षमता चोरली, हे त्याच्यावर क्लिक करूनच कळते. इन्व्होकर असेल, तर त्याच्या दहा स्पेलपैकी कोणते दोन या क्षणी हाताशी आहेत, ते पाहावे लागते आणि दहा सेकंदांनी ते बदललेलेही असू शकतात. या दोन हिरोंना मी एकदा पाहून सोडून देत नाही.

हल्ली रीप्ले पाहताना मी आधी माझे मृत्यू काढते आणि प्रत्येक मृत्यूपाशी थांबून एवढेच तपासते की, मला मारणारी क्षमता किंवा वस्तू त्याआधी कधी माझ्या नजरेच्या टप्प्यात येऊन गेली होती का. आली असेल तर त्या क्षणी मी काय करत होते, ते वहीत एका ओळीत लिहून ठेवते. परवाच्या सामन्यात मी नऊ वेळा मेले आणि वहीत चार ओळी लिहिल्या गेल्या. त्यांतल्या तीन ओळींत मी माझ्याच वस्तूंची मांडणी बदलत बसले होते.