नादपूर आणि अबोल मेळा

स्मरणिकेत बहुतेक जण शिक्षक, सहली आणि स्नेहसंमेलनं यांविषयी लिहितील, आणि ते योग्यच आहे. मला मात्र नादपूरविषयी लिहायचं आहे. आठवी ‘ब’च्या बाहेर हे राज्य कुणाला ठाऊक नव्हतं. शाळेने मला जे दिलं त्यात ते सगळ्यात मोलाचं आहे, असं मी आजही मानते.

सुरुवात एका निबंधापासून झाली. विषय होता ‘पैसा नसता तर’. वर्गातल्या एका मुलाने लिहिलं की पैशाऐवजी आवाज चालला असता. मराठीच्या बाईंनी तो निबंध वर्गात वाचला आणि वही परत देताना एवढंच विचारलं, “मग तिथे बाजार कसा भरेल?” त्या प्रश्नावर आमचं अख्खं वर्ष गेलं. मागच्या बाकावर एक दोनशेपानी वही फिरू लागली. जो तो त्यात नादपूरचे कायदे लिही.

आवाज एकदा खर्च केला की गेला, हा पहिला कायदा. चुटकी हे सर्वांत लहान नाणं, त्यावर टाळी, मग शीळ, मग हाक. आवाज साठवायचे तांब्याच्या भांड्यांत, घट्ट झाकण लावून. हे तांबं आलं तांबट आळीतून येणाऱ्या आमच्या वर्गमित्रामुळे. त्याच्या वडिलांचं मठारकाम, म्हणजे तांब्याची भांडी हातोडीने ठोकून घडवण्याचं काम, चाले. एकदा त्याने आम्हाला घरी नेलं. ओट्यावर दोन घंगाळं शेजारी शेजारी ठेवली होती, दिसायला अगदी सारखी. त्याने बोटाच्या पेराने एकावर टिचकी मारली, तर सूर बराच वेळ हवेत राहिला. दुसऱ्याला बारीक चीर होती, त्यातून नुसतं ‘बद्द’ झालं. वहीत त्याच दिवशी नोंद झाली की बद्द आवाज म्हणजे खोटं नाणं. चांदीचे रुपये होते तेव्हा सराफ ते दगडावर वाजवून घेत, हे माझ्या आजोबांनी सांगितलं आणि आमच्या कायद्याला बळ आलं. राज्याचा खजिना कुठला, यावर वाद झालाच नाही. वसईच्या विजयाची खूण म्हणून आलेली, १७२१ साल कोरलेली नारोशंकराच्या देवळाची घंटा आमच्या नाशकात गोदावरीच्या काठी टांगलेली असताना दुसरा खजिना कशाला शोधायचा?

गुप्त मंडळी आली ती इतिहासाच्या सरांमुळे. सरांनी आम्हाला तिळभांडेश्वर गल्लीत नेलं आणि मित्रमेळ्याची हकीकत तिथेच उभं राहून सांगितली. १८९९ सालची ती संघटना. वरवर गणेशोत्सव, शिवजयंती, पोवाडे. आत गुप्त कार्य. १९०४ मध्ये तीच ‘अभिनव भारत’ झाली. मग सर म्हणाले, “कवितांची पुस्तिका छापली म्हणून १९०९ साली बाबाराव सावरकरांना जन्मठेप, काळं पाणी झालं.” आम्ही गप्प झालो. शब्द आणि चाल यांना सरकार इतकं घाबरू शकतं, हे तेव्हा पहिल्यांदा कळलं. परत येताना कुणीतरी म्हणालं की नादपुरात सगळ्यांत महाग नाणं गाणंच असायला हवं. त्यावर कुणीच हरकत घेतली नाही.

त्यातूनच अबोल मेळा जन्मला. वहीत त्याची कथा अशी. कर भरता भरता एका बाईकडची सगळी भांडी रिकामी झाली. हाक गेली, हसू गेलं, शेवटी अंगाईही सावकाराकडे गेली. पोर रात्रभर जागं. अबोल मेळ्याची माणसं काळोखात येतात, दारात झाकलेला गडू ठेवतात आणि निघून जातात. काम करताना बोलायचं नाही, खुणा फक्त बोटांच्या; कारण एक शब्द उच्चारला तरी तो कुणाच्या तरी वाट्यातून कमी होणार. ही कथा जिने लिहिली ती वर्गात कधीच बोलत नसे. तिचं अक्षर मला अजून डोळ्यांपुढे दिसतं.

विज्ञानाच्या सरांनी आमच्या राज्यात मोठाच पेच टाकला. प्रतिध्वनी म्हणजे खोटं नाणं की व्याज? सरांनी हसण्यावारी नेलं नाही. आवाज सेकंदाला साधारण ३४० मीटर जातो, कानाला दोन आवाज वेगळे कळायला सेकंदाचा दहावा भाग लागतो, तेवढ्यात आवाज जाऊन-येऊन ३४ मीटर जातो, म्हणजे भिंत निदान १७ मीटर दूर हवी, हे त्यांनी फळ्यावर मांडलं आणि मैदानावर टेप धरून आम्हाला टाळ्या वाजवायला लावल्या. पुढे पांडवलेण्यांच्या सहलीत चैत्यगृहात, म्हणजे लेण्यातल्या प्रार्थनेच्या दालनात, ‘सा’ लावला, तर तो परत न येता नुसताच लांबत राहिला. हा निनाद, सर म्हणाले. आम्ही ठरवलं, नादपूरची पेढी इथेच. ठेव ठेवावी तर या लेण्यात. आणि हवेशिवाय आवाज पोचत नाही हे दाखवायला सरांनी काचेच्या हंडीतली हवा काढून घेतल्यावर आतल्या विजेच्या घंटेचा आवाज विझत गेला, तेव्हा वर्गातल्या काहींचे डोळे खरोखर भरून आले होते. इतरांना तो प्रयोग वाटला, आमच्या लेखी तिथे कुणाचं तरी धन बुडत होतं.

ध्वनीचं प्रकरण मला त्यानंतर कधी पाठ करावं लागलं नाही. पण खरा लाभ वेगळाच आहे. तिन्ही शिक्षकांपैकी एकानेही ‘अभ्यासाचं बघा’ म्हटलं नाही. आमचा खेळ त्यांनी स्वतःच्या विषयाइतकाच मनावर घेतला. आज मी श्रवणदोष असलेल्या मुलांबरोबर काम करते. यंत्र लावल्यावर आईची हाक पहिल्यांदा ऐकणारं मूल समोर असतं, तेव्हा त्या हाकेची किंमत मला कुणी समजावून सांगावी लागत नाही.

वहीचा पहिला भाग माझ्याकडे जपून ठेवलेला आहे. दुसरा, ज्यात अबोल मेळ्याचा राजाशी तह होतो, तो दहावीच्या निरोप समारंभानंतर कुणाकडे गेला ते कळलं नाही. ज्याच्या माळ्यावर तो असेल त्याने महोत्सवाला येताना आणावा. दोन्ही भाग शाळेच्या ग्रंथालयात ठेवायचे आहेत, आताच्या आठवीच्या मुलांना हात लावता येईल अशा कपाटात.