आधी दिवां, आता लाप्ली

जुलैत आई दापोलीहून फोन करते तेव्हा तिच्या आवाजापेक्षा पागोळ्यांचाच आवाज मोठा येतो. मी इथे मॉरिशसच्या वाक्वा गावात स्वेटर घालून बसलेली असते. "तुमच्याकडे पाऊस कसा आहे?" हा तिचा पहिला प्रश्न. इतक्या महिन्यांनंतरही त्याचं उत्तर मला एका वाक्यात देता येत नाही, म्हणून हे सविस्तर लिहिते आहे.

इथे ऋतू उलटे. नोव्हेंबर ते एप्रिल उन्हाळा, आणि पाऊस तेव्हाच जास्त. फेब्रुवारी-मार्च सगळ्यात ओले. जून ते सप्टेंबर हिवाळा, आणि ऑक्टोबर सगळ्यात कोरडा. एवढं शाळेच्या पुस्तकासारखं सांगता येतं, पण त्यानं बेटाचं हवामान कळत नाही. बेट जेमतेम ६५ किलोमीटर लांब आणि ४५ रुंद. वर्षभर आग्नेयेकडून व्यापारी वारे येतात, मधल्या पठारावर चढतात आणि तिथेच रिकामे होतात. पठारावर वर्षाला ४,००० मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडतो. पश्चिम किनाऱ्यावर त्याच्या पाव हिश्श्याहूनही कमी. पठारावरच्या क्युरपीपबद्दल लोक म्हणतात की तिथे दोनच ऋतू, एक पावसाळा आणि दुसरा पावसाचा. मी तिथून छत्री घेऊन निघते आणि पश्चिमेला फ्लिक-आं-फ्लाकच्या किनाऱ्यावर उतरते तर वाळू तापलेली, झाडं काटेरी. चिपळूण सोडून घाट चढावा आणि कऱ्हाडच्या पुढे माणदेशात उतरावं तसं. फक्त इथे त्याला अर्धा तास पुरतो.

क्युरपीप एवढं भरलं तेही हवामानाशी बांधलेल्या एका आजारामुळे. १८६६-६७ मध्ये पोर्ट लुईत मलेरियाची भयंकर साथ आली, हजारो माणसं गेली. ज्यांना जमलं ते दमट किनारा सोडून वर, थंड पठारावर राहायला आले. आजही सकाळी लोक पठारावरून खाली राजधानीत कामाला जातात आणि संध्याकाळी वर येतात.

पण या बेटाचा खरा इतिहास वाऱ्याचा आहे. क्रिओल या इथल्या बोलीभाषेत वाऱ्याला 'दिवां' म्हणतात आणि पावसाला 'लाप्ली'. आमच्या शेजारच्या आजी मराठी. त्यांचे पूर्वज रत्नागिरीकडचे, उसाच्या मळ्यांवर करारावर आलेले. त्या आरती मराठीत म्हणतात आणि इतर सगळं क्रिओलमध्ये बोलतात. मी एकदा त्यांना वय विचारलं. त्या म्हणाल्या, "कॅरोल आलं तेव्हा मी नऊ वर्षांची." इथे असंच असतं. लग्न जर्व्हेजच्या आधीचं, मुलगा जर्व्हेजनंतरचा, घराचा वरचा मजला हॉलांडाच्या वर्षी बांधलेला. आपल्याकडे जुनी माणसं प्लेगचं साल सांगत, तशी इथे वादळांची नावं चालतात.

कॅरोलची गोष्ट सांगायलाच हवी. १९६० साली नैऋत्य हिंदी महासागरातल्या वादळांना पहिल्यांदा नावं द्यायला सुरुवात झाली. पहिलं नाव अ‍ॅलिक्स. ते जानेवारीतच बेटाला लागलं. लोक घरं उभी करत होते तोवर फेब्रुवारीच्या शेवटी कॅरोल आलं, ताशी २५६ किलोमीटरच्या झोतांसह. ४२ माणसं गेली. तेव्हा बहुतेक घरं गवताची, लाकडाची, पत्र्याची. आजी सांगतात की वडिलांनी सगळ्या भावंडांना एका खाटेखाली कोंबलं आणि स्वतः दाराला पाठ लावून उभे राहिले. मग वारा थांबला. आभाळ दिसलं. त्यांची आई चूल पेटवायला उठली तर वडिलांनी तिला हाताला धरून खाली बसवलं. कारण त्यांना त्यांच्या वडिलांनी सांगितलेलं होतं, की वारा असा एकदम थांबला तर बाहेर पडायचं नाही. तो वादळाचा डोळा. तो सरकला की वारा उलट्या दिशेनं येतो.

ही शिकवण बेटानं फार मोठी किंमत देऊन घेतली आहे. २९ एप्रिल १८९२. एप्रिलच्या अखेरीस वादळ येत नाही असा तेव्हा समज होता. दुपारी डोळा बेटावरून गेला, मधली शांतता पसरली, आणि नंतरच्या उलट्या वाऱ्यानं पोर्ट लुईचा मोठा भाग जमीनदोस्त केला. बाराशेच्या आसपास माणसं मेली. एवढ्याशा बेटावर, काही तासांत.

आणि हे अशा ठिकाणी घडलं जिथे वादळांचा अभ्यास जगात सगळ्यात आधी सुरू झालेल्यांपैकी होता, याचं मला राहून राहून वाईट वाटतं. चार्ल्स मेल्ड्रम नावाच्या स्कॉटिश माणसानं १८५१ मध्ये इथे हवामानशास्त्र संस्था सुरू करायला हातभार लावला. पोर्ट लुई बंदरात येणाऱ्या जहाजांच्या नोंदवह्या मागून घ्यायच्या, कुठल्या दिवशी कुठे वारा कोणत्या दिशेचा होता ते उतरवायचं, आणि शेकडो वह्यांतून एकेका वादळाचं चित्र उभं करायचं, हे त्याचं आयुष्यभराचं काम. वादळात वारा नुसता गोल फिरत नाही, आत वळत जातो, हे त्यानं अशा नोंदींवरून दाखवलं. जहाजाच्या कप्तानाला वादळाचं केंद्र कुठल्या बाजूला आहे हे ठरवताना हाच फरक जीव वाचवणारा ठरतो. पुढे पाम्पलमूसला वेधशाळा झाली. आजची हवामान सेवा आमच्याच वाक्वात आहे. या समुद्रातल्या वादळांची नावं मादागास्कर आणि मॉरिशस मिळून ठेवतात. वादळ ५५ अंश रेखांशाच्या पूर्वेला असलं तर नाव देण्याचं काम मॉरिशसचं.

इथल्या उसाचीही गोष्ट वाऱ्याचीच. फ्रेंचांच्या काळात कॉफी, कापूस, लवंग सगळं करून पाहिलं गेलं. वादळात उभं झाड मोडलं की पाच-सात वर्षं गेली. ऊस मात्र आडवा पडतो, पानं फाटतात, आणि तोडला तरी खोडव्यातून परत उगवतो. १९६० साली साखरेचं उत्पादन निम्म्याहून खाली गेलं, पण मळे मेले नाहीत. २०२० च्या जूनमध्ये निसर्ग वादळानं आमच्या दापोली-श्रीवर्धनकडच्या नारळी-पोफळीच्या वाड्या मुळासकट उपटल्या तेव्हा बाबा म्हणाले होते, "मी पुन्हा लावीन, पण खाणार नातवंडं." ते वाक्य मला इथले मळे बघताना आठवतं. एका अर्थी या उसामुळेच आजींचे पूर्वज इथे आले. कोकणातला माणूस इथे आणला तो वाऱ्यात टिकणाऱ्या पिकासाठी.

कॅरोलनंतर बेटानं घरं बदलली. सरकारनं काँक्रीटच्या वसाहती बांधल्या, आणि लोकांनीही पैसे साठवून स्लॅबची घरं घेतली. आज खेड्यात गेलात तरी उतरतं छप्पर क्वचित दिसतं. सगळीकडे सपाट स्लॅब, आणि पुढच्या मजल्यासाठी वर ठेवलेल्या लोखंडी सळया. कौलारू घरात वाढलेल्या मला ते सुरुवातीला फार रुक्ष वाटलं. आजींनी १९७५ च्या जर्व्हेजचं सांगितलं, ताशी २८० किलोमीटरचे झोत, आणि त्यांचं नवं स्लॅबचं घर जागेवर राहिलं. त्यानंतर मी त्या घरांना रुक्ष म्हटलेलं नाही.

वाऱ्याविरुद्ध हे बेट अगदी शिस्तीनं जगतं. इशाऱ्याचे वर्ग आहेत. पहिला वर्ग वादळी झोतांच्या ३६ ते ४८ तास आधी. मग दुसरा, तिसरा. आणि ताशी १२० किलोमीटरचे झोत नोंदले गेले की चौथा. पहिला लागला की गल्लीत जी हालचाल सुरू होते ती मला आगोटीसारखी वाटते. आपल्याकडे मृगाआधी लाकडं, सुकी मासळी, पापड भरून ठेवतात. इथे पिंपात पाणी, मेणबत्त्या, बिस्किटं, डबाबंद मासे, कुंड्या आत, झाडांच्या फांद्या छाटलेल्या. आगोट वर्षातून एकदा असते आणि तिची तारीख माहीत असते. ही तयारी एका उन्हाळ्यात तीनदाही होते आणि वादळ दोनशे किलोमीटरवरून निघूनही जातं. दमलेला माणूस चौथ्या वेळी पिंप भरत नाही. आजी मात्र प्रत्येक वेळी भरतात.

आता मला जे सांगायचंय ते. अलीकडे माणसं वाऱ्यानं कमी आणि पाण्यानं जास्त मरतात. ३० मार्च २०१३ ला कुठलंही वादळ नव्हतं. पोर्ट लुईवर दीड-दोन तासांत सुमारे १५० मिलिमीटर पाऊस कोसळला, डोंगरातून पाणी थेट शहरात आलं, आणि ११ माणसं गेली. काही तर रस्त्याखालच्या भुयारी वाटेत आणि तळघरातल्या पार्किंगमध्ये अडकून. वाऱ्यापासून वाचवणारं काँक्रीट पाणी पिऊ शकत नाही. डोंगर आणि समुद्र यांच्या मधे एवढीशी चिंचोळी पट्टी, तिथे नाले अरुंद केलेले, ओढ्यांच्या पात्रात घरं. चिपळूणचा २०२१ चा पूर ज्यांनी पाहिलाय त्यांना मी वेगळं काय सांगू?

१५ जानेवारी २०२४ ला बेलाल वादळ आलं. आम्हाला इथे येऊन सहा महिने झाले होते. सोमवार होता, नवरा राजधानीत ऑफिसला गेलेला. दुपारी त्याचा फोन आला की रस्त्यावरून गाड्या वाहत आहेत, आम्ही दुसऱ्या मजल्यावर आहोत. मग फोन लागेना. मी खिडकीशी उभी. वाऱ्याची मला भीती वाटत होती, कारण सगळ्या गोष्टी वाऱ्याच्याच ऐकल्या होत्या. आजींनी हाक मारून मला त्यांच्या घरी बोलावलं. रेडिओ लावला होता. त्या म्हणाल्या, "दिवां ओळखीचा आहे गं. ही लाप्ली नवी आहे." नवरा रात्री उशिरा आला, गुडघ्यापर्यंत चिखल, बूट हातात. त्या दिवशी लोकांना कामावर जाऊ द्यायचं की नाही यावर नंतर खूप वाद झाला, आणि तो व्हायलाच हवा होता. तेव्हा इशारा वाऱ्याच्या वेगावर ठरायचा. वारा वेग धरण्याआधीच पाणी रस्त्यावर असतं.

तेव्हापासून ऑक्टोबर संपत आला की आमच्या गल्लीत एक नवं काम सुरू झालंय. आजींचा मुलगा, समोरचे दोघे आणि माझा नवरा मिळून कोपऱ्यावरचा नाला उपसतात. उसाची पाचट, प्लास्टिक, कुणाच्या बांधकामाची वाळू. गेल्या वर्षी बारा पोती निघाली. आजी खुर्ची टाकून बसतात आणि अजून कुठे तुंबलंय ते काठीनं दाखवतात. मग आत जाऊन पिंप धुवायला घेतात.